विचारा की! : हसायचं की मार्क द्यायचे?

मागच्या अंकात मी बोलता बोलता लिहून गेलो की इथे नाशिकमध्ये सातपूरला कंपनीत होतो तेव्हापासून विनोद सांगायच्या स्पर्धांना परीक्षक म्हणून बसतोय, आधी कंपनीच्या स्नेहसंमेलनात आणि मग रिटायर झाल्यावर कोण बोलवेल तिथे. एवढं एक वाक्य वाचून पत्रांचा ढीग आला. बहुतेक गणेश मंडळांची आणि सोसायट्यांची, कारण सीझनच तो. सगळी छापणं शक्य नाही, पाच-सहा घेतो.

प्रश्न : काका, नमस्कार. मी निवृत्त शिक्षिका, राहते इंदिरानगरला. आमच्या सोसायटीत यंदा गणपतीत विनोद सांगायची स्पर्धा ठेवलीये, आणि मी मराठी शिकवायचे म्हणून मला न विचारता परीक्षक करून टाकलंय. २२ नावं आलीत, पहिलीतल्या पोरापासून ऐंशी पार केलेल्या आजोबांपर्यंत. आयुष्यभर निबंधाला मार्क दिले, पण विनोदाला कशावर देऊ? आणि मला हसू आलं तर हसायचं का? शेजारीण म्हणते परीक्षकाने चेहरा सरळ ठेवायचा असतो.

उत्तर : बाई, तुमच्या शेजारणीला स्पर्धेच्या दिवशी मागच्या रांगेत बसवा. परीक्षकाने हसायचंच असतं. परीक्षकाचं टेबल असतं सगळ्यात पुढे, मागचे सगळे स्टेजकडे बघताना तुमच्या पाठीकडे पण बघत असतात, आणि तुम्ही बोर्डाच्या परीक्षेला सुपरव्हिजनला बसल्यासारख्या बसलात की पहिल्या चार रांगा आपोआप गप्प होतात. हसणं हे जांभईसारखं आहे, एकाचं बघून दुसऱ्याला येतं. अमेरिकेत रॉबर्ट प्रोव्हाइन म्हणून एक शास्त्रज्ञ होते, त्यांनी हसण्याचाच अभ्यास केला, त्यांना असं आढळलं की माणूस एकटा असताना हसतो त्याच्या ३० पट जास्त चारचौघात हसतो. म्हणून मी मंडळाला पहिली सूचना देतो ती खुर्च्यांची, मार्कांची नंतर. खुर्च्या जवळ जवळ लावा, मधे मोकळी जागा सोडू नका, मागे उभे राहिलेल्यांना पुढे ओढा. अर्ध्या रिकाम्या हॉलमध्ये कितीही चांगला विनोद सांगा, विहिरीत दगड टाकल्यासारखा डुबुक आवाज येतो आणि संपतं.

पण सिद्धूसारखंही हसू नका. २००५ साली 'द ग्रेट इंडियन लाफ्टर चॅलेंज' लागायचं त्यात शेखर सुमन आणि नवज्योतसिंग सिद्धू परीक्षक होते, आणि सिद्धू असे खदाखदा हसायचे की आमच्या घरात अर्ध्या वेळा विनोदापेक्षा त्यांनाच बघून हसू यायचं. (पहिल्या सीझनला जिंकला आपला सुनील पाल, विदर्भातला पोरगा, हे मी प्रत्येक ठिकाणी सांगतो, बायको कंटाळलीये.)

तर तोंडाने हसा, पेनाने थांबा. टाळ्या पूर्ण थांबल्या, सूत्रसंचालक पुढचं नाव घ्यायला लागला, की मग आकडा लिहायचा. हसता हसता लिहिलेला आकडा नेहमी दोनने जास्त पडतो, माझा स्वतःचा अनुभव आहे.

हसणं मोजायचं कसं म्हणाल तर ते काम भरतमुनींनी आधीच करून ठेवलंय. नाट्यशास्त्रात हसण्याचे सहा प्रकार दिलेत : स्मित, हसित, विहसित, उपहसित, अपहसित, अतिहसित. स्मित म्हणजे गाल जरा फुलले पण दात दिसत नाहीत, हसित म्हणजे दात थोडे दिसले, विहसितात गोड आवाज येतो, उपहसितात नाकपुड्या फुगतात आणि खांदे वाकतात, अपहसितात डोळ्यात पाणी येऊन डोकं-खांदे हलायला लागतात, आणि अतिहसित म्हणजे मोठमोठ्याने हसत दोन्ही हातांनी कुशी धरायच्या. मी वहीत प्रत्येक स्पर्धकापुढे हॉलचा नंबर लिहितो, एक ते सहा, बस. भरतमुनींनी पहिले दोन प्रकार उत्तम लोकांचे, मधले दोन मध्यम लोकांचे आणि शेवटचे दोन अधम लोकांचे म्हटलेत, त्या हिशोबाने आमची अख्खी सोसायटी अधम आहे आणि आम्हाला त्याचं काही वाटत नाही.

त्याच ग्रंथात आणखी एक भेद आहे, आत्मस्थ आणि परस्थ. स्वतः हसतो ते आत्मस्थ, दुसऱ्याला हसवतो ते परस्थ. हे मात्र पाठ करून जा, कारण तुमच्या २२ पैकी निदान सात जण आत्मस्थ निघणार. विनोद सुरू करायच्या आधीच स्वतः हसायला लागतात, मधे थांबून हसतात, पंच, म्हणजे शेवटचं हसवणारं वाक्य, येईपर्यंत दम लागलेला असतो आणि आपल्याला शब्दच कळत नाहीत. मी तिथे मार्क कापतो. कडक कापतो.

आता मार्क कशाला. विनोद कोणता सांगितला याला कमी आणि कसा सांगितला याला जास्त, माझा सगळा हिशोब एवढाच आहे. ५० पैकी मी ३५ सांगण्याला ठेवतो, बाकीच्या १५ मध्ये निवड, वेळ पाळणं वगैरे सगळं. लोकांना हे पटत नाही, त्यांना वाटतं भारी विनोद आणला की झालं. पण दोन वर्षांपूर्वी सिडकोत एका मंडळात एकाच रात्री दोघांनी एकच विनोद सांगितला, तेव्हापासून मी कुणाशी वादच घालत नाही, हाच किस्सा ऐकवतो.

पहिले होते बँकेतले एक साहेब. त्यांनी सुरुवातच अशी केली, "एका मिसळीच्या हॉटेलात एक काका कालपासून पाणी पीत बसलेले असतात, तर तिथे एक गिऱ्हाईक येतं..." झालं, संपला विनोद! शेवटी उघडायचा डबा त्यांनी दारातच उघडला. पुढे दीड मिनिट बोलले, आणि शेवटी "म्हणजे एवढं तिखट होतं, कळलं का" असं वर. स्मितसुद्धा नाही हो.

मग सहा नंबर सोडून अकरावीतली एक मुलगी आली. मला वाटलं तोच विनोद पुन्हा आलाय म्हटल्यावर ती बदलेल, घाबरेल, पण नाही. शांतपणे म्हणाली, पाहुणा विचारतो, "दादा, रस्सा फार तिखट नाही ना?" वेटर म्हणतो, "नाही हो, कमीच आहे." थांबली. "कालच्यापेक्षा." "का, काल काय झालं?" इथे तिने उत्तरच दिलं नाही. नुसती मान वळवली, हळूहळू, हॉलच्या डाव्या कोपऱ्याकडे, आणि सगळा हॉल तिच्याबरोबर मान वळवून बघायला लागला, तर तिथे मंडळाचे खजिनदार बिचारे बाटली तोंडाला लावून उभे. मग म्हणाली, "ते काका बघा... अजून पाणीच पिताहेत."

खजिनदारांना ठसका लागला. पुढच्या दोन स्पर्धकांचं कुणी ऐकलं नाही, एवढं अतिहसित झालं होतं. मी नंतर तिला विचारलं, खजिनदार योगायोगाने होते का गं? तर म्हणे, "नाही काका, ते प्रोग्रॅम सुरू झाल्यापासून पाणीच पीत होते, मी बघून ठेवलं होतं." याला मी ३५ पैकी ३४ दिले. एक का कापला तर माईक तोंडाच्या फार जवळ होता, प आणि फ फुटत होते.

तर बाई, कान पंचवर ठेवू नका, पंचच्या आधीच्या शांततेवर ठेवा. ज्याला तिथे दोन सेकंद गप्प राहता येतं त्याला विनोद सांगता येतो. बाकीचे घाबरून त्या दोन सेकंदात "तर मग काय झालं माहितीये का" भरतात.

आणि एक चूक माझी सांगतो म्हणजे तुम्ही ती करणार नाही. सुरुवातीच्या काळात एकदा पहिलाच स्पर्धक मस्त निघाला, मी उत्साहात ५० पैकी ४७ दिले. नंतर त्याच्यापेक्षा चांगले चार आले आणि माझ्याकडे द्यायला तीनच मार्क शिल्लक! साडेसत्तेचाळीस, पावणेअठ्ठेचाळीस असं करत बसलो, आणि बक्षीस समारंभानंतर चहाच्या स्टॉलपाशी एका मुलाच्या आईने मला भाजी निवडल्यासारखं निवडलं. आता मी सूत्रसंचालकाला सांगतो की आधी तू एक विनोद सांग, स्पर्धेबाहेरचा, त्याला मी वहीत ३० लिहितो आणि बाकीचे सगळे त्याच्या वर-खाली. उलटंही होतं बरं का, पहिल्याला परीक्षक हात आखडून देतात आणि शेवटच्यांना सढळ. बेल्जियममध्ये क्वीन एलिझाबेथ नावाची संगीताची फार मोठी स्पर्धा असते, तिच्या निकालांचा अभ्यास झालाय, तिथेसुद्धा सुरुवातीला वाजवणारे मागे पडतात आणि उशिरा वाजवणाऱ्यांना फायदा होतो असं दिसलं, आणि क्रम तर चिठ्ठ्या टाकून ठरतो. तिथले दिग्गज चुकतात तर आपण कोण. त्यामुळे चिठ्ठ्या टाका, आणि सगळे झाल्यावर पहिल्या तिघांचे मार्क एकदा परत बघा.

पहिलीतल्या पोराला आणि आजोबांना एका गटात ठेवू नका हे सांगायला नको. वेळ तीन मिनिटं, अडीचला एक घंटा. आजोबांना घंटा ऐकू येणार नाही, ते चालवून घ्या.

प्रश्न : सर, नाशिक रोडला आमच्या ग्रुपच्या स्पर्धेत मी स्वतः लिहिलेला ओरिजिनल विनोद सांगितला. पहिला नंबर आला तो व्हॉट्सअॅपवर हजार वेळा फिरलेल्या विनोदाला! मग ओरिजिनॅलिटीला काही किंमतच नाही का? सोबत माझा विनोद जोडतोय, तुम्हीच ठरवा.

उत्तर : भाऊ, राग समजू शकतो, पण नियमात काय लिहिलं होतं? "विनोद सांगण्याची स्पर्धा" असं असेल तर ती सांगण्याचीच. कीर्तनकार उत्तररंगात आख्यान लावतो ते त्याने थोडंच रचलेलं असतं, लोकांना गोष्ट पाठ असते, तरी एकाच्या कीर्तनाला मांडव भरतो आणि दुसऱ्याच्या कीर्तनाला लोक प्रसादाच्या वेळेला येतात. विनोद असाच गावाचा असतो, मालकी सांगण्याची. हां, स्वतः रचलेल्याला पाच मार्क वेगळे ठेवा असं मी मंडळांना सुचवतो, पण ते आधी जाहीर केलेलं पाहिजे, निकालानंतर नाही.

तुमच्या बाजूचा एक मुद्दा मात्र मला मान्य आहे. २००१ मध्ये रिचर्ड वाइजमन या इंग्लंडमधल्या मानसशास्त्रज्ञाने इंटरनेटवर जगातला सगळ्यात भारी विनोद शोधायचा प्रयोग केला, ४० हजारांवर विनोद आले, लोकांनी मार्क दिले आणि २००२ मध्ये निकाल लागला. जिंकला तो दोन शिकाऱ्यांचा. एक शिकारी जंगलात कोसळतो, दुसरा घाबरून इमर्जन्सीला फोन करतो की माझा मित्र मेला वाटतं, काय करू? पलीकडून सांगतात, शांत व्हा, आधी तो नक्की मेलाय याची खात्री करा. शांतता. मग गोळीचा आवाज. मग परत फोनवर, "हां, पुढे?"

बरा आहे. वाईट नाही. पण जगात भारी? सरासरी काढली की असंच होतं, जो कुणालाच नावडत नाही तो वर येतो, आणि जो निम्म्यांना प्रचंड आवडला आणि निम्म्यांना अजिबात नाही तो मधेच कुठेतरी अडकतो. तीन परीक्षक बसवले तरी तेच. म्हणून मी म्हणतो की प्रत्येक परीक्षकाला एक एक बक्षीस स्वतःच्या मर्जीने द्यायला ठेवा, बेरीज-बिरीज काही नाही, मला आवडला म्हणून दिला. नारळ द्या, पेन द्या, काहीही. माझा अनुभव असा की लोकांच्या लक्षात तीच बक्षिसं राहतात.

आता तुमचा विनोद. वाचला. नऊ ओळींचा आहे, सहाव्या ओळीत हशा येतो आणि उरलेल्या तीन ओळींत तुम्ही तो समजावून सांगताय. त्या तीन ओळी खोडा आणि पुढच्या वर्षी परत या. कल्पना खरंच चांगली आहे, सिटीलिंकच्या बसमध्ये सुट्ट्या पैशांसाठी अख्खी बस कामाला लागते ती.

प्रश्न : आम्ही गंगापूर रोडच्या महिला मंडळाने सोसायटीसाठी स्पर्धा घेतली. २० पैकी १४ विनोद बायकोवर! बायको भांडते, बायको खर्च करते, बायको जाडी. स्टेजवर बक्षीस द्यायला आम्हीच उभ्या. पुढच्या वर्षी सरळ बंदी घालावी का?

उत्तर : ताई, बंदीने भागत नाही, पण तुम्ही पहिल्या नाही. हास्यक्लबची गोष्ट माहितीये का? डॉ. मदन कटारियांनी १९९५ मध्ये मुंबईत लोखंडवालाच्या बागेत पाच जणांना घेऊन हास्यक्लब सुरू केला, तेव्हा गोलात उभं राहून एकेकाने विनोद सांगायचा अशीच पद्धत होती. थोड्याच दिवसांत चांगले विनोद संपले आणि वाह्यात, टोचणारे सुरू झाले, बायकांनी तक्रार केली, आणि मग डॉक्टरांनी विनोदच काढून टाकले, नुसतं हसायचं ठरवलं. आज सकाळी तुमच्या जॉगिंग ट्रॅकवर जे काका-काकू हात वर करून हा हा हा करतात ना, त्यांच्या हसण्यात विनोद नाही याचं कारण हे आहे.

तुम्हाला तर विनोद हवाय. मग परीक्षकाच्या हातात एक सोपी कसोटी द्या. विनोदातल्या बायकोच्या जागी मेहुणा घालून बघायचा. तरी हसू आलं तर त्यात विनोद आहे, मार्क द्या. नाही आलं तर तो नुसता टोमणा होता, बायको फक्त खिळ्यासारखी वापरली. १४ पैकी १० तरी इथेच गळतात, बघा करून. जात, व्यंग, तोतरं बोलणं, रंग यावरचे मात्र मी पहिल्या वाक्याला घंटा वाजवून थांबवतो आणि हे सुरू व्हायच्या आधी माईकवरून सांगतो. द्व्यर्थी बोलण्याचं म्हणाल तर आपल्याकडे तमाशात गवळणीतल्या मावशीने आणि सोंगाड्याने ते पिढ्यान् पिढ्या केलं, पण त्यांना शब्दाची कळ कुठे दाबायची ते माहीत होतं. सोसायटीच्या पार्किंगमध्ये ते जमत नाही. कुणालाच नाही.

आणि नवरा-बायकोच्या पलीकडे काय आहे म्हणणाऱ्यांना एका आजींचं सांगा. निफाडकडच्या, लेकीकडे आल्या होत्या, नाव नोंदवलेलं नव्हतं, शेवटी "मी पण सांगू का" म्हणत नऊवारीतच वर आल्या. म्हणाल्या, बारक्या पोराने बापाला विचारलं, बाबा, कांदा कापताना डोळ्यात पाणी का येतं हो? बाप म्हणला, "कापताना?" आणि आजींनी पदर खांद्यावर नीट केला, अगदी सावकाश, आपल्याला वाटलं विसरल्या. मग म्हणाल्या, "मला तर इकताना येतं."

हॉल हसला. पण मागे दहा-बारा माणसं होती, लासलगाव-पिंपळगावकडची, पाहुणे म्हणून आलेली, ती जरा उशिरा हसली आणि सगळ्यांच्या आधी थांबली. ते हसणं माझ्या एक ते सहाच्या आकड्यांत बसेना. वहीत त्या जागी मी नुसती रेघ मारलीये, अजून तशीच आहे. पहिला नंबर दिला.

प्रश्न : पाच-सहा वर्षांच्या मुलाने स्टेजवर मोठ्यांचा चावट विनोद सांगितला, त्याला स्वतःला अर्थ कळला नव्हता. लोक हसले. परीक्षक म्हणून काय करायचं? (पंचवटी)

उत्तर : त्याला काही म्हणायचं नाही. टाळी वाजवायची, चॉकलेट द्यायचं, पुढचं नाव पुकारायचं. माईकवरून झापलं तर पोरगं पुढची वीस वर्षं स्टेजवर चढणार नाही. कार्यक्रम संपल्यावर बापाला बाजूला घ्या, कारण विनोद त्याच्या फोनमधलाच असणार. बापाचा चेहरा बघून कळतं.

प्रश्न : दोघांना समान मार्क पडले आणि दोघांचे आईवडील शेजारी शेजारी राहतात. वाचवा! (म्हसरूळ)

उत्तर : दोघांना अजून एकेक विनोद सांगायला लावा, आयत्या वेळचा, एक मिनिट. तयारी करून आलेला आणि खरा सांगणारा तिथेच वेगळे होतात. तरी बरोबरी झाली तर बक्षीस वाटून द्या, आणि रक्कम विषम असेल तर वरचा रुपया तुम्ही घाला, मी घातलेला आहे.

प्रश्न : काका, परीक्षकाला मानधन किती मिळतं हो? (कॉलेज रोड)

उत्तर : शाल, श्रीफळ आणि "सरांनी अमूल्य वेळ दिला". शाली आमच्याकडे अकरा झाल्यात, त्यातली एक स्कूटरवर घालतो. एका मंडळाने चिवड्याचं पाकीट दिलं होतं, ते मात्र मी घरी पोचायच्या आत, रिक्षातच उघडलं. आणि गेल्या वर्षीचा नारळ नासका निघाला, पण मंडळ ओळखीचं आहे म्हणून काही बोललो नाही. यंदा पण बोलावलंय, तर या वेळी स्टेजवरच हलवून बघणार.